काही न विचारणारं घर

तान्हा पोळ्याचा दिवस, दुपार, जेवणं व्हायची होती.

हजर: बाबा, मी, एक फौजदार, दोन शिपाई आणि एक महिला शिपाई, दोन पंच, त्यातले एक आमच्या शेजारचे काका, आणि फाटकाबाहेर लाकडी नंदी सजवून बोजारा, म्हणजे सणाचा खाऊ-पैसा, मागायला आलेले गल्लीतले सगळे पोट्टे. गैरहजर: वरच्या खोलीतला भाडेकरू.

हजेरी आधी लिहायची सवय मला दवाखान्यात लागली. मी ऑपरेशन थिएटरची सिस्टर. टेबलाभोवती कोण उभं होतं हे लिहून ठेवलं की नंतर कोणाला ‘मी तिथं नव्हतोच’ म्हणता येत नाही. त्या दुपारबद्दल पुढे अशा लोकांनी फार सांगितलं, जे त्या वेळी आमच्या पिपरी मेघेत सुद्धा नव्हते.

फौजदारांनी वरच्या खोलीची दुसरी किल्ली मागितली. बाबा म्हणाले, नाही.

“नाही म्हणजे? घरमालक ना तुम्ही?”

“हाव. पण दोन्ही किल्ल्या भाडेकरूले देतो मी. आपल्यापाशी ठेवत नाई.”

“का?”

“मंग खोली त्याची कशी झाली?”

फौजदारांनी माझ्याकडे पाहिलं, म्हातारा ठीक आहे ना, अशा नजरेनं. मग एका शिपायानं कुलूप तोडलं.

आत एक गादी, एक टेबलफॅन आणि भिंतीला लागून छतापर्यंत रचलेली खोकी. पार्सलची असतात तशी, तपकिरी पट्टी लावलेली. पहिलं खोकं फाडलं तेव्हा वर्तमानपत्राच्या बोळ्यांत गुंडाळलेल्या बाटल्या निघाल्या. दुसऱ्यातही त्याच. तिसरं उघडायच्या आधीच शेजारचे काका जिन्यात उभे राहून “बाप्पा, बाप्पा” करू लागले होते.

आमचा जिल्हा दारूबंदीचा. इथं दारूचं दुकान नाही, बार नाही. म्हणून दारू बाजूच्या जिल्ह्यांतून येते आणि गोठ्यात, गाडीच्या डिकीत, कोणाच्या तरी पलंगाखाली राहते. पोळ्याच्या दिवसांत मागणी चढते आणि मागणीपाठोपाठ धाडीही. हे इथल्या शेंबड्या पोराला माहीत आहे. पण ती दारू आमच्या घरात, बाबांच्या डोक्यावरच्या खोलीत असेल, हे मला माहीत नव्हतं. बाबांनाही नव्हतं. ‘माहीत नव्हतं’ या दोन शब्दांवर आमचं पुढचं सगळं वर्ष अडकून पडलं.

बाबांविषयी आधी सांगायला हवं, नाहीतर ते मूर्ख वाटतील. ते मूर्ख नाहीत.

ते एसटीत कंडक्टर होते. समुद्रपूरला बदली झाली तेव्हा माझा जन्म व्हायचा होता. आई पोटुशी, सोबत एक पत्र्याची पेटी. खोली शोधायला गेले की प्रत्येक दारात तोच क्रम. आधी पाणी. मग “पूर्ण नाव काय?” बाबा स्वतःचं आणि वडिलांचं नाव सांगून थांबत. “आणि आडनाव?” आडनावावरून नीट कळलं नाही तर “गाव कोणतं?” आणि गावावरूनही नाही कळलं तर “गावात घर कोणत्या बाजूले?” हा शेवटचा प्रश्न आला की बाबा पेटी उचलत. खोली नुकतीच दुसऱ्याला दिलेली असे. पुढच्या बदलीत तळेगावला एकानं दिली, पण तो मालक रोज संध्याकाळी काहीतरी निमित्त काढून स्वयंपाकात यायचा आणि चुलीवरच्या भांड्याचं झाकण उचलून पाहायचा. आईनं एकदा झाकण त्याच्या हातावर ठेवलं, गरम. दुसऱ्या दिवशी पेटी पुन्हा बाहेर.

म्हणून निवृत्त व्हायच्या आधी पिपरी मेघेत घर बांधलं, वर एक खोली काढली, तेव्हा बाबांनी नियम केला. या घरात भाडेकरूला नाव, गाव, जात, जेवण काहीही विचारायचं नाही. जेवढं तो सांगेल तेवढं त्याचं नाव. दोन्ही किल्ल्या त्याच्या हातात. मालकाचं पाऊल त्याच्या उंबरठ्याच्या आत पडणार नाही. आई असताना या नियमानं आम्हाला चांगलीच माणसं मिळाली. दोन बहिणी नर्सिंग शिकून गेल्या, एक मुसलमान शिक्षक होते, एक तलाठी त्याच्या आंधळ्या आईला घेऊन राहिला. त्यातले काही अजून दिवाळीला, ईदला फोन करतात.

मग जिल्ह्यात भाडेकरूची माहिती पोलिसांना देण्याचा आदेश निघाला. मी ठाण्यातून फॉर्म आणला आणि फ्रिजवर चुंबकाखाली लावला.

“बाबा, हा भरायचा आहे. नाही भरला तर घरमालकावर गुन्हा होतो.”

“त्याचं पूर्ण नाव, मूळ गाव, ओळख देनारे दोन लोक,” बाबांनी चष्मा लावून वाचलं. “हे तर समुद्रपूरचंच झालं, बाई. फक्त आता सरकारी शिक्का मारून इचारून राह्यले.”

“ते वेगळं. हे चोर-दरोडेखोर कळावेत म्हणून.”

“तेबी असंच म्हनत होते. चांगली मानसं यावी म्हणून.”

मी प्रत्येक महिन्याला आठवण करून दिली. फ्रिज बदलला तेव्हा फॉर्म नव्या फ्रिजवर लावला. ते हसत. मी चिडत होते, आणि अजूनही चिडलेली आहे, कारण त्यांचं म्हणणं चूक आहे हे मला पटवून देता आलं नाही आणि बरोबर आहे असं कायदा मानणार नव्हता.

हा मुलगा आला तो पाठीवर बॅग घेऊन. पार्सल पोचवायचं काम करतो म्हणाला. पहिल्याच दिवशी आमच्या बैठकीतल्या भिंतीवरचे फोटो पाहिले आणि आमच्यात करतात तसा नमस्कार केला, बरोबर शब्दांसकट. बाबांचा चेहरा फुलला. तो बाबांना आजोबा म्हणायचा, मला ताई. जिन्यावरून उतरताना चपला हातात घ्यायचा, आवाज होऊ नये म्हणून. मी तेव्हा म्हटलं, किती संस्कारी मुलगा. आता वाटतं, चपलाच का, बाटल्याही त्यानं तशाच सांभाळून नेल्या असतील.

तर त्या दुपारी पंचनामा लिहिणं सुरू असताना शेजारचे काका पुढे आले. काकांचं किराणा दुकान. त्यांच्याकडेही तीन खोल्या भाड्यानं. ते भाडेकरूला आत घ्यायच्या आधी अर्धा तास ओट्यावर बसवून सगळं विचारतात, शाकाहारी आहात ना इथपासून. ते फौजदारांना म्हणाले, “साहेब, मी पाहिलं बरं का. मागच्या आठवड्यात यांनी स्वतः एक खोकं वर नेलं.”

मला वाटलं, बाबा नाही म्हणतील. म्हणावं, अशी माझी इच्छा होती. खोटं का होईना.

“हाव,” बाबा म्हणाले. “मीच नेलं. पोराचा पाय मुरगळलता. खोकं फाटकापाशी पडलं होतं. उंबरठ्यावर ठेवून आलो.”

“जड होतं?”

“होतं.”

“वाजलं नाही?”

“वाजलं असन. दुसऱ्याच्या खोक्याले कान लावायची सवय नाई मले.”

महिला शिपाई हसू दाबत होती. फौजदार हसले नाहीत. त्यांनी ते वाक्य लिहून घेतलं, आणि बाबांनी खाली आपल्या वळणदार अक्षरात सही केली. फाटकाबाहेर एक पोट्टा ओरडला, “आजी नाई त आजोबा, बोजारा द्या न!” कोणी दिला नाही. नंद्यांची चाकं गडगडत पुढच्या घराकडे गेली.

ठाण्यात बाबांवर दोन गोष्टी लागल्या. एक, भाडेकरूची माहिती दिली नाही. दोन, आपली जागा अवैध दारू ठेवायला वापरू दिली. संध्याकाळी बंधपत्र लिहून घेऊन सोडलं. पण सोडायच्या आधी फोटो काढला. टेबलावर बाटल्या ओळीनं मांडल्या, मागं पथक उभं राहिलं, आणि मधोमध बाबांना उभं केलं.

मी म्हटलं, “ते भाडेकरू नाहीत. मालक आहेत.”

“मॅडम, आरोपी आहेत,” एक शिपाई म्हणाला. “काका, जरा इकडं पाहा.”

बाबांनी पाहिलं. सवयीनं शर्टाची कॉलर सारखी केली. तो फोटो आमच्या घरी पोचायच्या आधी गल्लीच्या ग्रुपवर होता, आणि तिथून विहाराच्या ग्रुपवर. माझ्या बापानं उभ्या आयुष्यात दारूचा थेंब घेतला नाही. कंडक्टर असताना सोबतचे ड्रायव्हर त्यांना ‘कोरडवाहू’ म्हणायचे. रोज सकाळी आंघोळ करून ते पंचशील म्हणतात, त्यात पाचवं शील मद्यापासून दूर राहण्याचं. ते म्हणताना त्यांचा आवाज जरा चढतो, कारण बाकीची चार कधीतरी मोडली असतील, हे एक नाही. रविवारी विहारात वंदना तेच घेतात. घेत होते.

त्यानंतरच्या रविवारी ते नेहमीसारखे पुढे बसले. मी मागे बायकांत होते. चार शीलं झाली. पाचवं सुरू झालं आणि पुरुषांच्या बाजूनं कोणीतरी खाकरलं. साधं खाकरणं नव्हतं ते. दोघं-तिघं हसले. बाबांनी वाक्य पूर्ण केलं, वंदना संपवली, पुस्तक कापडात गुंडाळलं आणि विहाराची किल्ली अध्यक्षांच्या हातात दिली. दुसऱ्या दिवसापासून आंघोळीनंतर ते चारच शीलं म्हणू लागले. चौथ्यानंतर थांबत आणि टॉवेल वाळत घालत.

मला कोण खाकरलं ते माहीत आहे. इथं लिहीत नाही. दवाखान्यात त्याच्या बायकोच्या ऑपरेशनला मी उभी होते.

वकीलबाई माझ्या वयाच्या, समजावून सांगणाऱ्या. त्यांनी दोन्ही गोष्टी वेगळ्या करून दाखवल्या. माहिती न दिल्याचा गुन्हा सरळ आहे. फॉर्म दिला नाही म्हणजे नाही, तिथं तुम्हाला काय ठाऊक होतं याचा प्रश्नच नाही. तो कबूल करून दंड भरला की संपलं. जागा वापरू दिल्याचा गुन्हा वेगळा. त्यात बाबांना माहीत असूनही त्यांनी चालू दिलं, हे दाखवावं लागतं. “आणि तिथं ते खोकं आडवं येतंय,” त्या म्हणाल्या. “खोकं वर नेलं, वाजलं असेल म्हणाले, सही आहे. म्हणून काका, आपण एवढंच म्हणू की खोली देताना तुम्ही चौकशी केली होती. काम काय करतो, खोक्यात काय आहे, विचारलं होतं. त्यानं खोटं सांगितलं. तुमची फसवणूक झाली.”

“इचारलं नव्हतं.”

“काका, थोडं तरी विचारलं असेल ना.”

“मॅडम, मी न इचारन्यासाठी घर बांधलं.”

“मग कोर्ट म्हणेल, हा माणूस मुद्दाम डोळे मिटून बसला.”

“मिटूनच बसलतो,” बाबा म्हणाले. “पन दारूसाठी नाई.”

वकीलबाईंनी पेन खाली ठेवलं. मी टेबलाखाली मुठी आवळून बसले होते. मला दोघांचाही राग आला होता; एकीचा, कारण ती बरोबर सांगत होती.

गल्लीतल्या घरमालकांपैकी कोणीच तोवर तो फॉर्म भरला नव्हता. शेजारच्या काकांनीही नाही. इतकं विचारणारा माणूस, पण विचारलेलं सगळं स्वतःपाशी. धाडीच्या दुसऱ्या दिवशी ते तीन फॉर्म घेऊन ठाण्यात धावले. फाटकापाशी मला गाठून म्हणाले, “ताई, मी म्हणत होतो ना बाबांले, मानूस पाहून ठेवावं.”

“तुम्ही पाहून ठेवता म्हणून तुमच्याकडे कधी आमची माणसं दिसली नाहीत,” मी म्हटलं.

“आता हे कुठून आलं मधात?”

“मधात नाही काका, पहिल्यापासून आहे.”

त्यांनी दुकान उघडायचं आहे म्हणून किल्ल्या वाजवल्या. त्या दिवसापासून मी किराणा स्टेशनजवळून आणते. लांब पडतं. पडू दे.

भाडेकरू परत आला तो दिवाळीनंतर. त्याला पुलगावच्या रस्त्यावर पकडलं होतं, आणि बाबांच्या तारखा सुरू व्हायच्या आत तो जामिनावर बाहेर होता. फाटकापाशी मोटरसायकल लावली, चपला हातात घेतल्या.

“आजोबा, पंखा घ्याले आलतो. आणि गादी.”

“खोलीला सील आहे,” मी म्हटलं. “आणि तुला लाज नाही का?”

“ताई, टेन्शन नका घेऊ. आमचा वकील आहे. तुमचंबी मॅनेज होऊन जाईल, मी बोलतो त्याच्याशी.”

मी हातात होता तो झाडू घेऊन पुढे झाले. खरंच मारणार होते. बाबांनी मला नावानं नाही, “माय, थांब,” म्हणून थांबवलं. ओट्यावरची खुर्ची पुढे सरकवली. तो बसला. बाबांनी त्याला पाणी दिलं. मला वाटलं, आता विचारतील, पूर्ण नाव काय, गाव कोणतं.

“एक सांग,” बाबा म्हणाले. “एवढी घरं आहेत. माह्याच घरी काऊन आला?”

तो पाणी प्यायला. लाजला नाही, ओशाळला नाही. जणू कौतुकच करत होता.

“आजोबा, तुमी काही इचारत नाई म्हणून. आमच्या लाइनीत सगळ्यायले ठाऊक आहे. पिपरीत एक घर आहे, म्हनतात, तिथं दोन्ही किल्ल्या भेटते.”

बाबांनी रिकामा पेला त्याच्या हातातून घेतला. आत गेले. बराच वेळ मोरीत पाण्याचा आवाज येत राहिला. एका पेल्याला इतकं पाणी लागत नाही. तो मुलगा माझ्याकडे पाहून म्हणाला, “पंख्याचं मंग कसं करू?” मी फाटक उघडून उभी राहिले, तेव्हा गेला.

मला वाटतं, फोटोनं जे झालं नाही, विहारातल्या खाकरण्यानं जे झालं नाही, ते या उत्तरानं झालं. चाळीस वर्षांपूर्वी समुद्रपूरच्या दारांसमोर उभं राहून बाबांनी मनाशी जे ठरवलं होतं, त्यावर हे घर उभं होतं. आणि तेच या पोरानं पत्ता म्हणून वापरलं. समुद्रपूरच्या मालकांचा मला जेवढा राग होता, तेवढा मी दुसऱ्या कोणासाठी शिल्लक ठेवला नव्हता. आता ठेवला आहे.

त्या संध्याकाळी बाबांनी वकीलबाईंना फोन करायला सांगितलं. म्हणाले, फॉर्मचा गुन्हा कबूल. दंड भरतो. दुसरा नाही. “माहीत होतं असं मी म्हननार नाई, आणि इचारलं होतं असंही म्हननार नाई. आहे तसं सांगीन. त्याहिले जे करायचं ते करू द्या.” तो खटला चालू आहे. तारीख पडते, आम्ही दोघं ऑटोनं कोर्टात जातो, बाबा कॉलर सारखी करतात, पुढची तारीख मिळते, परत येतो. शेजारचे काका पंच म्हणून एकदा आले होते. त्यांना ऑटो मिळेना, बाबांनी त्यांना आमच्या ऑटोत बसवून आणलं. मी पुढे ड्रायव्हरजवळ बसले.

खोलीचं सील मागच्या महिन्यात निघालं. बाबा म्हणाले, रिकामी राहू दे. मी म्हटलं, ठीक. पण आज दुपारी आमच्या दवाखान्यातली नवी सिस्टर घरी आली. हिंगणघाटकडची मुलगी, दोन बॅगा, एक गॅसची शेगडी. सकाळपासून शेजारच्या काकांसकट पाच ठिकाणी जाऊन आली. काकांच्या ओट्यावर अर्धा तास बसली होती. शेवटी त्यांनी काय सांगितलं ते तिनं मला सांगायची गरज नव्हती. ती खोली नुकतीच दुसऱ्याला दिली होती.

तिला बैठकीत बसवलं, चहा दिला. बाबा समोर बसले. तिच्या शेगडीकडे पाहिलं, बॅगांकडे पाहिलं, मग विचारलं, “पाय दुखले असन?”

“हो, आजोबा,” ती म्हणाली.

मी फ्रिजवरून फॉर्म काढला आणि पेन ठेवून बाबांच्या पुढ्यात सरकवला. जामीन त्यांच्या डोक्यावर आहे. या वेळी चूक झाली तर वकीलबाईही काही करू शकणार नाहीत, हे त्यांना माझ्याइतकंच कळतं.

“तू इचार,” ते मला म्हणाले.

“घर तुमच्या नावावर आहे, बाबा. सही तुमची लागते.”

“मंग तिले भरू दे स्वतः.”

“खाली लिहिलंय, मालकानं खात्री करून भरावा.”

मुलीला फॉर्मचं काही कळत नव्हतं. तिनं कप खाली ठेवला, जरा सरळ बसली. आपल्याला आता विचारणार, हे तिला कळलं होतं. सकाळपासून ती हीच बसण्याची पद्धत शिकली होती. बाबांनी ते पाहिलं. मीही पाहिलं. त्यांनी पेन उचललं, टोपण काढलं, पुन्हा लावलं.

आज झालेली कामं: वरची खोली झाडली. कुलूप नवीन आणलं. दोन्ही किल्ल्या मुलीला दिल्या, ते बाबांनी स्वतः केलं. शेगडी वर नेली. ठाण्यात फोन केला; म्हणाले, उद्या सकाळी फॉर्म आणून द्या.

राहिलेलं: फॉर्म. ओट्यावर पडला आहे, उडू नये म्हणून त्यावर चष्म्याचं घर ठेवलं आहे. पहिला रकाना, ‘भाडेकरूचे पूर्ण नाव’, अजून कोरा आहे.